तिसरी कॉइल

वडील: बंद करू नकोस! चालू राहू दे इंजिन. मी एकेका कॉइलची पिन काढतो, तू नुसता आवाज ऐक.

मुलगा: सकाळपासून तेच ऐकतोय, बाबा. आता सिस्टरही ऐकतायत.

सिस्टर: माझं काही नाही हो, पण बारा वाजता दवाखान्यात ड्युटीवर हजर व्हायचंय. होईल ना मिस्त्री तोवर?

वडील: होईल ना म्हणजे काय! वीस वर्षं तुमची गाडी माझ्या हाताखाली आहे. हे बघा, पहिल्या सिलिंडरच्या कॉइलची पिन काढली. ऐकलंत? इंजिन दबलं. म्हणजे पहिला काम करतोय. लावली परत. दुसऱ्याची काढली, दबलं. चौथ्याची, दबलं. आता तिसऱ्याची काढतो. पडला काही फरक?

सिस्टर: नाही बाई. तसंच थडथडतंय.

वडील: काढली काय न् ठेवली काय, सारखंच. तिसरा मेलाय.

मुलगा: वा! साडेनऊला हेच सांगितलंत, दहाला हेच, आता सव्वाअकरा झाले. तिसरा मेलाय हे आपल्या गॅरेजातल्या मांजरालासुद्धा कळलंय. का मेलाय, ते सांगा की.

वडील: कॉइल गेली होती. मी नवी घातली.

मुलगा: नवी घातलीत आणि तरी मेलेलाच आहे. झालं का समाधान? दोन तास घाम गाळून गाडी होती तिथेच.

सिस्टर: अहो, असं काय बोलताय वडिलांशी! मिस्त्री, मुळात ही कॉइल जाते कशाने?

वडील: प्लग झिजला की त्याच्या टोकांतली फट वाढते. मग ठिणगी पाडायला कॉइलला दुप्पट जोर लावावा लागतो. ती तापते आणि आतून जळते. नाहीतर वरून तेल झिरपतं, ते तिचं रबर खातं. म्हणून तर दर वर्षी तुमच्या मागे लागतो, प्लग बघून घ्या, प्लग बघून घ्या. तुम्ही कसल्या ऐकताय!

सिस्टर: आता ऐकेन हो.

मुलगा: शाळा मग भरवा. प्लग बदललात. वायर तपासलीत. पिनेपर्यंत करंट येतोय. आता काय, फुंकर मारणार?

वडील: दिवा धर इकडे.

मुलगा: दिवा मी धरतो, तुमचा हात धरायला कुणाला बोलावू? बघा सिस्टर, पाना बोल्टावर बसायला तीनदा आपटावा लागतो.

सिस्टर: मिस्त्री, हात कधीपासून थरथरतात तुमचे?

वडील: थरथरत कुठेत? गार पडलेत.

मुलगा: तापल्या इंजिनावर ठेवलेले हात गार पडलेत! नोंद करून ठेवा सिस्टर, तुमच्या डॉक्टरांना सांगायला होईल. आणि हेही ऐका. काल संध्याकाळी तुमची गाडी आली तेव्हाच आमचं ठरलंय. बाबांनी आज बारापर्यंत दोष काढला, तर त्यांचं बाकडं त्यांचं. नाही काढला तर उद्यापासून घरी, आणि गॅरेजची किल्ली माझ्याकडे.

सिस्टर: अगंबाई! माझ्या गाडीवर पैज लावलीत होय?

वडील: पैज कसली. त्याने विचारलं, मी हो म्हटलं. मी का घाबरू? फक्त घरी बसून करायचं काय, एवढं मला कुणी सांगा. ही गेल्यापासून घरात माझ्याशी चार शब्द कुणी बोलत नाही. सूनबाई ताट ठेवते आणि जाते. इथे आलो की मला कुणी ‘मिस्त्री’ म्हणतं. मला इथून जायचं नाही, सिस्टर. सरळ सांगतो, नाही जायचं.

मुलगा: झालं, लागलं रडगाणं. घड्याळ थांबत नाहीये, बाबा.

वडील: इंजिन बंद कर. तिसऱ्याची कॉइल काढतो. ती पहिल्यावर लावतो, पहिल्याची तिसऱ्यावर.

मुलगा: नवी कॉइल कशाला हलवताय? सकाळी तुमच्याच हाताने खोक्यातून काढलीत ना?

वडील: काढली. नवी म्हणून तपासलीच नाही. तिथेच माती खाल्ली मी.

मुलगा: नव्या मालावर शंका घेताय, त्यातली थोडी स्वतःच्या डोक्यावर घ्या.

वडील: झाली अदलाबदल. फिरव किल्ली.

मुलगा: उगाच वेळ घालवताय...

वडील: फिरव म्हणतोय ना, गाढवा!

सिस्टर: सरका, माझ्या गाडीची किल्ली मीच फिरवते. झाली चालू. पण थडथड आहेच हो मिस्त्री.

वडील: असू दे, असू दे. तिसऱ्याची पिन काढतो. दबलं! ऐकलंत? तिसरा जिवंत झाला! आता पहिल्याची काढतो. काही फरक नाही. बघा, कॉइल पहिल्यावर नेली, तर दोषही तिच्या मागोमाग पहिल्यावर गेला. नवी कॉइलच मेलेली आहे! किती वाजले रे?

मुलगा: अकरा पंचवीस.

वडील: मोठ्याने सांग की! अकरा पंचवीस!

सिस्टर: शाबास मिस्त्री! मला खात्री होतीच. अय्या, दवाखान्यातून फोन. आलेच हं मी.

(सिस्टर इंजिन बंद करून फोन कानाला लावत दाराबाहेर जातात.)

वडील: काढतो आता ही भवानी. अरे, ही कसली नवी? रबर कडक लाकूड झालंय. आणि हे काय? इथे कुणीतरी घासलंय, वरून ग्रीस फासलंय. खाली फुली आहे. कानशीने मारलेली.

मुलगा: असेल.

वडील: असेल काय? मेलेल्या कॉइलवर कानशीने फुली मी मारतो. चुकून कुणी परत बसवू नये म्हणून. या गॅरेजात दुसरं कुणी मारत नाही. ही मी भंगारात टाकली होती. नव्या खोक्यात आली कशी?

मुलगा: आवाज खाली ठेवा.

वडील: तू घातलीस.

मुलगा: हो, मी घातली. काल तुम्ही घरी गेल्यावर. गाडीच्या आवाजावरूनच कळलं होतं, सकाळी तुम्ही नवी कॉइल घालणार. खोकं परत चिकटवलं. खरी नवी माझ्या खणात आहे.

वडील: पोटच्या पोरा, केसाने गळा कापलास रे माझा!

मुलगा: वीस वर्षं गिऱ्हाइकांसमोर मला गाढव म्हणालात. मघाशीसुद्धा म्हणालात, सिस्टरांच्या देखत. मी दोन पोरांचा बाप आहे, बाबा. तरी तुमच्या तोंडी गाढवच. आणि मी एक दिवस तुम्हाला म्हातारं ठरवायला गेलो, तर लगेच गळा कापला?

वडील: अरे, मी काम शिकवत होतो तुला.

मुलगा: शिकलो ना. चांगलं शिकलो.

वडील: पण मी दोष काढला. वेळेत काढला. सिस्टर आल्या की सगळं सांगतो त्यांना. ही फुली दाखवतो.

मुलगा: दाखवा. सांगा, माझ्या मुलाने भंगारातली कॉइल नवी म्हणून तुमच्या गाडीसाठी ठेवली. आज त्यांना कळेल, उद्या अख्ख्या दवाखान्याला. तिथल्या किती गाड्या येतात आपल्याकडे? परवापासून एक तरी येईल? पाटीवर नाव तुमचं आहे. तुमच्या नातवंडांची पोटं याच पाटीवर चालतात. सांगा की, मी अडवत नाही.

वडील: तुला लाज वाटत नाही?

मुलगा: वाटते. पण तुम्ही आपणहून बाजूला व्हाल म्हणून दहा वर्षं थांबलो. आता नाही थांबवत.

वडील: आणि मला दोष सापडेल हे तुला ठाऊक होतं?

मुलगा: वाटलं होतं, नाही सापडणार. पण सापडला तरी तुम्ही माझं नाव घेणार नाही, हे ठाऊक होतं. आल्या त्या.

सिस्टर: सुटले बाई फोनवरून. काय मग, नवी कॉइलच खराब निघाली ना? त्या दुकानदाराला चांगलं फैलावर घ्या.

मुलगा: बाबाच सांगतील काय झालं ते.

वडील: दुकानदाराचा दोष नाही, सिस्टर.

सिस्टर: मग कुणाचा?

वडील: माझा. जुनी काढून बाकड्यावर ठेवली, शेजारी नवी ठेवली, आणि जुनीच परत बसवली. लक्षातच आलं नाही.

सिस्टर: म्हणजे सकाळपासून जुनीच होती गाडीत?

वडील: हो.

मुलगा: वय झालं की होतं असं, सिस्टर. थांबा, मी चांगली बसवतो, पाच मिनिटांत.

सिस्टर: मिस्त्री, रागावू नका हं माझ्यावर. मी रोज बघते अशी माणसं. आधी हात थरथरतात, मग विसरायला होतं, मग एक दिवस भलतंच काहीतरी होऊन बसतं. आज कॉइल होती म्हणून ठीक. ब्रेकचं काम असतं तर? धाकटे मिस्त्री बोलतात कडू, पण खोटं नाही बोलत. आता आराम करा तुम्ही.

वडील: बरोबर आहे तुमचं.

सिस्टर: पुढच्या वेळी गाडी मी यांच्याच हातात देईन. वाईट नाही ना वाटणार?

वडील: नाही. त्याला चांगलं येतं काम.

मुलगा: बसली, सिस्टर. मारा स्टार्टर.

सिस्टर: अहाहा! किती शांत चाललंय! निघते मी. मिस्त्री, एकदा या हो दवाखान्यात, हात दाखवून घ्या.

मुलगा: सावकाश जा, सिस्टर! हं. बाबा, किल्ली.

वडील: घे. दोष मी काढला होता. तुला माहीत आहे.

मुलगा: मला माहीत आहे. बाकी कुणाला माहीत असायची गरज नाही.

वडील: अधूनमधून संध्याकाळी येऊन बसलो तर चालेल? नुसता बसेन रे. कशाला हात लावणार नाही.

मुलगा: बघू. आता कुठे निघालात?

वडील: मागच्या नळावर. हात धुतो आणि जातो.

मुलगा: मागे कामाची माणसं हात धुतात. तुम्ही पुढे गिऱ्हाइकांच्या बेसिनवर जा. साबण ठेवलाय तिथे.