आईचा फोनही विमान मोडवर

फुलंब्रीच्या एसटीत गजालाच्या पुढच्या सीटवर दीर-भावजय बसले होते आणि अख्ख्या गाडीला ऐकू जाईल असं बोलत होते.

"वहिनी, मोनिकाचा फोन आला का? आज पहिल्यांदाच विमान चालवती म्हणं."

"उतरले की करते म्हणाली, भाऊजी. जीव टांगणीला लागलाय."

"आतापर्यंत उतरायला पाह्यजे व्हती. बघू तुमचा फोन. आवं, ह्यो तर एअरप्लेन मोडवर हाय."

"मीच टाकलाय. विमानात तसाच ठेवावा लागतो, तिनंच शिकवलंय."

"तिनं ठेवायचा असतो. तुम्ही एसटीत बसलाय. पोरगी कधीची लावत असंल."

"माझा हात लागून चुकून फोन गेला, अन् तिकडं तिचं ध्यान हललं म्हंजे?"

"तिचाच बंद असल्यावर तुमचा लागंल कसा? थांबा, काढतो."

रेंज आली न आली तोच फोन वाजला. मोनिकाचं नाव गजालालाही दिसलं. दीर फोन घेऊन उभाच राहिला.

"कंडक्टर, आमच्या पोरीनं विमान उतरवलं बघा."

"बसा, भाऊजी. शिकायला निघाली तवा तुम्हीच म्हणला व्हता, 'तुमची पोरगी, तुमचं तुम्ही बघा.' आणा तो फोन. माझ्या पोरीचा हाय."