बघितलं की बरोबर चालायचं

— नाही, नाही, त्या फायलीवर खूण करू नका अजून. बाकीच्या खुशाल उडवा. ती तीनशे जुनी चित्रं उडवा, ते कुणीतरी करून ठेवलेलं बुद्धिबळ उडवा — कामाच्या वेळात केलंय ते, मी पाहिलंय — पण ही एक राहू द्या. कारण? अहो, मुख्य कार्यालयानं तुमच्या हातात छापील यादी दिली, यादीत ‘कारण’ असा रकाना काढला, म्हणून प्रत्येक गोष्टीला कारण असलंच पाहिजे का? बसा. ती खुर्ची नको, ती मागे कलते, ह्यांची होती. ह्या स्टुलावर बसा.

कॉम्प्युटरच्या सफाईला आलात, पण साफ काय करताय ते ठाऊक आहे? नाही ना? वाटलंच मला. आम्ही लिफ्टचे प्रोग्राम लिहितो, एवढं तरी बाहेरच्या पाटीवर वाचलं असेल. कुठल्या मजल्यावर कुणी बटण दाबलं, त्याची प्रोग्रामच्या पोटात एक यादी असते. चूक शोधायची म्हणजे प्रोग्राम मधेच थांबवायचा आणि ती यादी उघडून बघायची. उघडली की काय दिसायचं? आकडे. पानंच्या पानं आकडे, डोळ्यांतून पाणी येईस्तोवर. तर आमच्या ह्यांनी — हो, माझे यजमान, ह्याच खोलीत बसायचे — ही फाईल लिहिली. ती जोडली की आकड्यांच्या जागी चित्र: उभी इमारत, मजल्यामजल्यावर पिवळे दिवे, आणि लिफ्टचा एवढासा डबा. ‘खिडकी’ म्हणायचे तिला. काय कौतुक झालं हो! वरचे साहेब येऊन बघून जायचे. साहेबांना आकडे कळत नाहीत, चित्र कळतं. डबा हिरवा करा, अशी एकानं सूचना केली — वीस वर्षांच्या अनुभवातून आलेली सूचना, हसू नका — केला हिरवा.

आणि मग आमची शंकासूर. प्रोग्रामच्या तपासणीत होती, नाव आम्हीच ठेवलेलं. तिची एकच तक्रार — लिफ्ट वर जात असताना मधेच तिसऱ्या मजल्यावरून कुणी बटण दाबलं, तर लिफ्ट तिसरा सोडून थेट वर जाते, आणि तो माणूस तिथं उभाच राहतो. ठीक आहे, बघू म्हटलं. प्रोग्राम थांबवला, खिडकी उघडली, मजले कसे ओळीत, शाळेतल्या प्रार्थनेला उभे राहावेत तसे. पुढे चालवला — लिफ्ट तिसऱ्यावर थांबली, दारंसुद्धा उघडली. ‘आमच्याकडे तर नीट चालतंय, बाई.’ आठवडाभरानं ती परत हजर. परत थांबवा, परत बघा, परत नीट. ती खुर्चीमागे उभी राहून म्हणायची, ‘अहो, पण न थांबवता चालवून बघा ना एकदा!’ न थांबवता! आम्हाला, प्रोग्राम लिहिणाऱ्यांना, ती शिकवणार? आम्ही एकमेकांकडे बघून भुवया उंचावायचो. ह्यांनी तर तिला विचारलं, डोळे कधी तपासले होतेस? सगळे हसले. मीही — मी जरा जास्तच हसले असेन, बायको ना. चोवीस लेखी तक्रारी झाल्या आणि मग तिच्याबद्दल एक कागद निघाला — ‘निराधार तक्रारी करून इतरांचा वेळ घेते.’ त्यावर तिची नोकरी गेली. तीन सह्या होत्या त्यावर. कुणाच्या ते जाऊ द्या. म्हणजे — एक माझी होती.

मग चूक सापडली का? सापडली. मला. रुग्णालयाच्या बाहेरच्या बाकावर, लॅपटॉप मांडीवर घेऊन, हे आत. आता ऐका, फार अवघड नाही. चित्र काढायचं तर मजले क्रमानं लावायला हवेत. यादीची नक्कल करायची आणि नक्कल लावायची, पहिल्या वर्षाच्या पोरांनाही कळतं. ह्यांनी खरी यादीच लावली. म्हणजे खिडकी उघडून बघितलं की यादी सरळ, आणि पुढे सगळं बरोबर. न बघता चालू द्या — वाकडी ती वाकडी. आणि लोकांच्या इमारतीत खिडकी उघडायला कोण बसलंय? आणि मुळात वाकडी केली कुणी, हे — पाणी घ्या ना, ग्लास धुतलेला आहे — कुणी म्हणजे, मधेच आलेला मजला यादीत घालायचा भाग माझा. मी लिहिलेला. मजला त्याच्या जागी घालायचा सोडून मी शेवटी चिकटवला होता. माझी चूक ह्यांच्या चुकीनं झाकली होती. बावीस वर्षांच्या संसारात आमचं इतकं बिनबोभाट दुसरं काही जमलं नाही.

दुरुस्त केली ना, त्याच संध्याकाळी. माझ्या भागातली एक ओळ. नोंदीत लिहिलं, ‘किरकोळ सुधारणा’. खिडकीला मात्र हात लावला नाही. लावला असता तर कुणीतरी का म्हणून विचारलं असतं, ते ह्यांच्या कानावर गेलं असतं. आणि हे उशीला टेकून एवढंच विचारायचे, ‘खिडकी वापरतात ना गं अजून?’ वापरतात, म्हटलं. खोटं नव्हतं ते.

ती? तिचं काय करायचंय तुम्हाला? मोटार शिकवते म्हणे कुठेशी. बरं जमत असेल, शेजारी बसून दुसऱ्याच्या चुकीवर ब्रेक दाबायचा. नंबर आहे माझ्याकडे. दोन वर्षांत दोनदा लावला, आणि तिनं उचलायच्या आत ठेवला. काय बोलणार? हे होते तोवर ह्यांच्यासाठी गप्प बसले म्हणावं, तर हे जाऊनही पावणेदोन वर्षं झाली.

काय म्हणालात? ‘जुनी, निरुपयोगी’ असं लिहून टाकू? म्हणजे फाईल गेली, तिच्यातली ती खरी यादी लावणारी ओळ गेली, ह्यांचं नाव शाबूत आणि माझंही निभावलं. कनवाळू आहात हो, मगाशी तोंडावरून वाटलं नव्हतं. करा खूण. करा.

थांबा. हात काढा तिथून. पेन द्या इकडे — ‘ठेवावी. चूक हिच्यात आणि माझ्यात होती, तपासणीत नव्हती.’ मावलं की रकान्यात. आता उठा. उरलेली यादी उद्या. मला काही झालेलं नाही, मला एक फोन करायचाय, आणि तो तुमच्यासमोर करायचा नाही. दार लावून घ्या.