सावत्र आईच्या बाजूने

मंडळी, एवढ्या उन्हात कुकडीच्या घाटावर जमलात. बोलणं अवघड आहे. त्यात माझी एक गंभीर तक्रार आहे. आधीच्या चार पुढाऱ्यांनी हा माईक आपापल्या उंचीला ताणला आणि आता तो खाली यायलाच तयार नाही. तेव्हा मी मान वर करूनच बोलणार. शालन असती तर पोट धरून हसली असती.

शालन आमच्या फडात नाचायची. आज तिचा दहावा. मागे नऊ वर्षांची पिंकी. बाप आधीच गेलेला. पिंकी आमच्या वगात काम करते. वग मी लिहिलेला. त्यात सावत्र आई पोरीला मारते, घराबाहेर ढकलते. त्या सावत्र आईचं काम करतात कमळाबाई. त्या बघा, पायरीवर बसल्यात. पिंकी त्यांच्याच कुशीत आहे.

आणि वर रस्त्यावर जीप उभी आहे. तिच्यात पिंकीची पिशवी ठेवलीय. सभा संपली की मामा तिला घाटघरला नेणार. पोर नको म्हणतेय. मामा म्हणतात, "माझ्या बहिणीची पोर त्या कैदाशिणीकडं ठिवू व्हय?"

कैदाशीण! मामा, तुम्ही कमळाबाईंना पाहिलंत कुठं? जत्रेत, स्टेजवर. चप्पलही भिरकावलीत. तेव्हा शालन म्हणाली होती, "माझा भाऊ लई भोळा, राव. त्याला समदंच खरं वाटतं."

तुम्ही समोरून पाहिलंत. मी विंगेतून पाहिलंय. पोर जिथं पडायची, तिथं कमळाबाई आधी स्वतःची गोधडी घालायच्या. प्रत्येक खेळाला. एकदाही चुकल्या नाहीत. शालन दवाखान्यात होती, तेव्हा पोरीची वेणी कोणी घातली? शाळेत कोणी सोडलं? तुम्ही? मी? मीसुद्धा नाही.

काल मी कमळाबाईंना विचारलं, "पोरीला फडातच ठेवणार?"

त्या उखडल्या. "मास्तर, नाचायचं का न्हाई ते तिचं ती ठरवंल. आदी पोटभर जेवू द्या. दहा दिस झालं, धड खाल्लं न्हाई तिनं."

मामा, तुमची माया खोटी नाही. सुट्टीत न्या, लाड करा. पण तिला आज इथंच राहू द्या.

मंडळी, शालनसाठी दोन मिनिटं शांत उभे राहू. मामा, तुम्ही उभे राहू नका. तेवढ्यात पिशवी खाली काढा.

आणि कमळाबाई, त्या कैदाशिणीचा शब्द न् शब्द माझा. शिव्या मात्र तुम्ही खाल्ल्या. कधी बोललो नाही. चुकलो. हात जोडतो.