समोरची पायरी

…नाही, तिथं नका बसू, त्या समोरच्या पायरीवर नको — इकडे या, आत, हे स्टूल घ्या, आणि तो बूट काढा आधी. गल्लीत शिरलात तेव्हाच खिडकीतून म्हटलं, यांना बूट चावलाय. नवे कोरे बूट घालून का कुणी जुनं शहर पायी बघायला निघतं? लाजू नका, टाच दिसू द्या. कापूस आहे, पट्टी आहे. पाणी घ्या. टोपीवाल्याबरोबर आलात ना — तो गाइड हो, आम्ही त्याला टोपीवालाच म्हणतो — आणि पाय दुखला म्हणून पुढे निघून आलात? मग वीस मिनिटं निवांत बसा. आत्ता तो घड्याळाच्या कमानीखाली असेल, तिथं दगडाचे तीन प्रकार दाखवेल, मग हौदावर नेऊन सगळ्यांना हाका मारायला लावेल, आवाज घुमतो म्हणून — आणि मग आमची गल्ली. सहा वर्षं दर रविवारी ऐकतेय, पाठ झालंय मला. ही माझी खिडकी दाखवून सांगतो, वाऱ्याची दिशा ओळखून जुन्या गवंड्यांनी तिरकी ठेवली म्हणून. तिरकी आमच्या ह्यांनी बसवली, गळती थांबवताना. मी काही बोलत नाही. त्याचं पोट आहे त्यावर. एकटेच आलात? घरी कोण कोण असतं? — बरं, नका सांगू.

नऊ वाजले का? थांबा हं जरा, हलू नका.

…उतरले. — कोण म्हणजे? ते काय, समोरचे भाऊजी, दारात उभे आहेत ते. बघा, डाव्या हातानं चौकट धरतात, उजव्या पायानं पायरी चाचपतात, मग दुसरा पाय. दिवसातून चार वेळा. पेपरला एकदा, दुपारी एकदा, संध्याकाळी दोनदा. मी जिथं असेन तिथं हातातलं काम थांबतं. सत्तरी पार केलीय त्यांनी. आज इस्त्रीचा शर्ट आहे, रविवार ना, तुमची मंडळी येणार. आता तिथंच उभे राहतील.

तर ती पायरी. मघाशी पाहिलीत ना, मधोमध खोलगट झालीय, परातीसारखी? टोपीवाल्यानं कागदावर काय छापलंय बघू — हां, हेच. या घरातली एक सून, नवरा जहाजावर गेलेला, रोज संध्याकाळी पायरीवर बसून वाट बघायची, चाळीस वर्षं, दगड झिजला पण ती उठली नाही. छान आहे ना? बायका डोळे पुसतात. मग एकेक जण त्या खळग्यात बसून फोटो काढून घेतो. दर रविवारी वीस-पंचवीस माणसं. सहा वर्षांचा हिशेब तुम्हीच करा, इतक्या माणसांनी बसून दगडाचं काय होतं ते. काच होते त्याची.

खरं काय? खरं असं — आता पट्टी लावते, दुखलं तर सांगा — खरं असं की आमचे सासरे चामड्याचं काम करायचे. पट्टे, पाकिटं, पिशव्या. इथंच, तुम्ही बसलात त्या कोपऱ्यात. रोज सकाळी रापी घेऊन समोर जायचे आणि त्या पायरीवर धार लावायचे. रापी म्हणजे चामडं कापायचं पातं. आपली पायरी झिजू नये म्हणून समोरच्याची. असे होते. समोरचे ओरडायचे, सासरे ऐकू येत नसल्यासारखं करायचे. पंचेचाळीस वर्षं धार लावली. ही झाली त्या जहाजावरच्या नवऱ्याची गोष्ट.

मग ती गोष्ट आली कुठून, असंच विचारताय ना तुम्ही? — नाही विचारलंत, पण तोंडावर दिसतंय. सहा वर्षांपूर्वी हा टोपीवाला पहिल्यांदा आला, वही घेऊन, दारोदार विचारत — काकू, या घराबद्दल काही सांगा, त्या खिडकीबद्दल काही सांगा. मी आणि समोरची वहिनी, म्हणजे भाऊजींची बायको, दारात शेंगा सोलत बसलेलो. मुलगा चांगला वाटला, उन्हातून आलेला, वही कोरी. मग म्हटलं, कशाला बिचाऱ्याला हात हलवत पाठवायचं. सुचेल तसं सांगत गेले. नवरा जहाजावर मीच पाठवला. चाळीस वर्षं मीच केली, आधी तीस म्हणाले होते. आणि वहिनी, शेंगांवरची नजर न काढता म्हणते कशी — हो हो, आमच्या ह्यांच्या पणजीच त्या. तो गेला आणि आम्ही दोघी इतक्या हसलो, शेंगा सांडल्या. आठवडाभर मी खिडकीतून विचारायचे, काय वहिनी, जहाज आलं का? ती म्हणायची, दिसत नाही बाई अजून.

भाऊजींना काही ठाऊक नाही. त्यांना वहिनीनं सांगितलं नाही, मीही नाही. सासऱ्यांना धार लावताना त्यांनी पाहिलंय, पण म्हणतात, खळगा आधीचाच, पणजीचा. त्यांना खरंच वाटतं ती होती. परवा एका पाहुण्याला सांगत होते, आमच्या पणजीच्या डोळ्यांचा रंग माझ्या बापाकडे आला होता म्हणून.

मग जुन्या घरांची यादी करणारं ते ऑफिस आहे ना, त्यांची माणसं आली, मोजमापं घेतली, घर यादीत गेलं. आम्हाला वाटलं चांगलंच झालं, आता कुणी पाडणार नाही. आणि वहिनीचे गुडघे गेले. तिनं अर्ज केला — ही पायरी निसरडी झालीय, बदलून द्या, नाहीतर बाजूला कठडा तरी लावू द्या. भाऊजींच्या मुलानं त्या ऑफिसात किती खेटे घातले. सहा महिन्यांनी पत्र आलं. वहिनीचा चष्मा दुरुस्तीला होता, म्हणून मीच वाचून दाखवलं, इथंच, या स्टुलावर बसली होती. पायरीला हात लावता येणार नाही, कठडाही नाही, कारण या घराचं महत्त्वच मुळी त्या पायरीमुळे आहे — आणि खाली अख्खी गोष्ट, शिक्क्यासकट. ‘दगड झिजला पण ती उठली नाही.’ माझंच वाक्य. एक शब्द बदलला नव्हता. वहिनी म्हणाली, तुझी गोष्ट सरकारी झाली गं. मी म्हटलं, उद्या जाऊन खरं सांगून येते. तर म्हणाली, राहू दे, एवढ्या माणसांत तुझी फजिती कशाला, मी उतरते जपून. मी ‘बरं’ म्हणाले. लगेच म्हणाले. दुसऱ्यांदा विचारलंसुद्धा नाही.

नऊ दिवस झाले त्याला, तेव्हा पडली. सोमवार होता, आदल्या दिवशी तुमच्यासारखी मंडळी बसून गेलेली. दुधाची पिशवी हातात. मी कपडे वाळत घालत होते, वरून दिसलं. ओरडली नाही ती. मीही नाही. हातातला चिमटा दोरीला लावला, मग दुसरा लावला, मग खाली आले. का लावला दुसरा, कोण जाणे. डोक्याला लागलं होतं, गेलीच होती. तिला नेलं तेव्हा पायरी मी धुतली. दूध होतं, बाकीचंही होतं. दोन बादल्या पाणी. स्वच्छ निघाली. दगडाला काही धरून ठेवता येत नाही. टोपीवाल्यानं एक रविवार सोडला. पुढच्या रविवारी आला, दोन मिनिटं टोपी काढून उभा राहिला, आणि मग गोष्ट सांगितली. चांगली सांगितली.

रडले का? नाही. लोक म्हणतात, हिचा दगड झालाय. जेवते, झोपते, टीव्ही बघते. फक्त भाऊजी उतरताना काम थांबतं, एवढंच.

आता भाऊजींचा मुलगा माझ्या मागे लागलाय. ऑफिसातल्या बाई म्हणाल्या, गल्लीतल्या जुन्या रहिवाशानं लिहून दिलं की गोष्टीला आधार नाही, तर पायरी बदलू देऊ. काकू, तुम्हीच सगळ्यांत जुन्या, सही करा. भोळा आहे, त्याला वाटतं मी नुसतं ‘ऐकलं नाही’ म्हणायचंय. कागद तो काय, डब्याखाली. तीन रविवार येतोय. मी म्हणते, चष्मा सापडत नाही. चष्मा डोळ्यांवरच असतो, बघतो आणि जातो. आज अकराला येईल. सही करायची म्हणजे भाऊजींची पणजी काढून घ्यायची. बायको तर गेलीच, आता पणजीपण. नाही करायची म्हणजे — ते उतरतात कसे, पाहिलंत तुम्ही.

आवाज येतोय का? हौदावरच्या हाका या. पाच मिनिटं उरली.

तुमच्या खिशाला पेन दिसतंय. द्या इकडे. अकरापर्यंत थांबले तर मला परत चष्मा सापडणार नाही. हं — ‘ही गोष्ट मी रचली. पायरी माझ्या सासऱ्यांनी रापी घासून झिजवली. वहिनीला माहीत होतं, तिनं मला सांभाळून घेतलं.’ नको, वहिनीचं नको, खोडते. तिचं नाव कशाला सरकारात. सही. अक्षर लागतंय ना? घडी करा. टोपीवाल्याच्या हातात द्या, गोष्ट सुरू करायच्या आधी, आणि भाऊजींच्या मुलाला द्यायला सांगा त्याला. मोठ्यानं वाचू नकोस म्हणावं. भाऊजींना मी सांगेन. आज नाही, पण मीच सांगेन.

तुमचं पेन. बूट सैल बांधा. उठा आता, आली तुमची माणसं. मला खिडकी लावायचीय. आणि आमची पायरी जपून उतरा — तिची कड अजून धारदार आहे.