शेवंताच्या राहीचं पाऊल

मंडळी, देवळात कीर्तनाला जमलाच आहात, तर एक सांगा मला — देव सगळ्या लेकरांना सारखे पाय देतो, मग पायांखालची भुई सारखी का नाही? उत्तराची घाई नको. आधी शेवंताची गोष्ट ऐका.

शेवंता दामूशेठच्या कारखान्यात गालिचे विणायची. दिवसभर हातमागापुढं बसून लोकरीची गाठ मारायची, धागा कापायचा — की पुन्हा गाठ! लेक राही शेजारी पोत्यावर. दीड वर्षाची झाली तरी उभी राहीना. खाली थंडगार फरशी. पाऊल टेकलं की पोर पाय वर ओढून घ्यायची.

तिथली एक रीत होती. गालिचा मागावरून उतरला, की विणणारीचं लेकरू आधी त्यावर उभं करायचं. बायका म्हणायच्या, आईच्या गाठींवर पोर पाय धरतं, चालू लागतं. शेवंता त्या दिवसाकडे डोळे लावून बसलेली. शेजारणीकडून राहीसाठी वाळेसुद्धा मागून आणले होते!

गालिचा उतरला, अन् दारात गिऱ्हाइकाची गाडी हजर. शेवंतानं राहीला पुढं केलं, तर दामूशेठ म्हणाले, "शेवंताबाई, पोर गालिचा ओला करील. पुढच्या खेपेला बघू." गुंडाळला, गेला. इतका मऊ गालिचा, मंडळी, की चालणाऱ्याला स्वतःचं पाऊल ऐकू येत नाही — दुसऱ्याचं कुठलं येणार?

पुढं त्याच गिऱ्हाइकाच्या बंगल्यातून निरोप आला, किनार उसवलीय. शेवंता राहीला कडेवर घेऊन निघाली. मनात एकच — शिवता शिवता क्षणभर टेकवीन. पण नोकरानं पोरीला बाहेर पायरीवरच ठेवायला लावलं.

आत ती शिवतेय, तोच बाईसाहेबांचा नातू सोफा सोडून त्याच गालिच्यावर उभा राहिला. एक पाऊल टाकलं. मग दुसरं! घरभर आनंद. आणि शेवंता? तिनंही टाळ्या वाजवल्या हो, मनापासून. बाळाची दृष्ट काढून कानशिलावर बोटं मोडली.

"हातगुण चांगलाय गं तुझा," बाईसाहेब म्हणाल्या. "तुला आहे का लेकरू?"

"आहे जी. पायरीवर बसलंय."

"अगं बाई, थंडीत?" आणि त्यांनी लाडू दिला. बाहेर न्यायला.

शेवंता बाहेर आली. राही रांगत दारापर्यंत पोचलेली, गुडघे खरचटलेले. आतल्या टाळ्या ऐकून तीही हसत टाळ्या वाजवत होती. पायांतले वाळे मात्र गप्प.

पुढं पोर चालली का? पुढच्या गालिच्यालाही गाडी दारातच होती, मंडळी. वाळे शेजारणीला परत गेले.

देवानं भुई सारखीच दिली होती. तिच्यावर मऊ अंथरून दारात नोकर उभा केला, तो आपण. हं — टाळी नको आज. मागं वळून बघा, देवळाच्या पायरीवर लेकरं घेऊन कोण बसलंय. सतरंजी मोठी आहे. सरकता का थोडं?

...बघा. कुणीच हललं नाही.