हॅरिएटबाईंना आपण काढलं, त्याबद्दल

वसंतकाका, काकू, मंडळी,

लाँग वीकेंड असूनही हॉल भरलाय. हॅरिएटबाईंसाठी एवढी गर्दी याआधी एकदाच झाली होती, याच हॉलमध्ये. मला बोलणं जड जातंय. पण नुसतं गोड बोलून खाली बसले, तर घरी जाऊन मला स्वतःचीच लाज वाटेल.

नवीन आलेल्यांसाठी सांगते. बाई इंग्लंडमधल्या एका लॉर्डाची मुलगी. भाऊ शाळेत गेले, यांना शिकवायला घरी एक शिक्षिका ठेवली. विचारल्याशिवाय तोंड उघडलं की ती यांचं जेवण बंद करायची. मोठेपणी त्यांनी त्या घरावर कादंबरी लिहिली. वडिलांनी निरोप धाडला, आम्हाला मुलगी नव्हती. वडील गेल्यावर त्या धावत गेल्या, तर भावाने दारातूनच परत पाठवलं.

मग त्या अमेरिकेत आल्या. मुलांनी कसं शिकावं यावर पुस्तकं लिहिली आणि इथे, आपल्या चँडलर गावात, घरामागच्या खोल्यांत शाळा काढली. शाळा वाढली तशी त्यांनी ती पालकांच्या बोर्डाकडे सोपवली. विश्वासाने सोपवली.

आपली मुलं तिथे होती. मी नागपूरहून डिपेंडंट व्हिसावर आलेली, घरात बसून कंटाळलेली; तिथे व्हॉलंटियर करायला लागले. टेस्ट नव्हती, होमवर्क नव्हता. मुलाने आपल्या भाषेत गोष्ट सांगायची, बाकीच्यांनी ऐकायची.

काका, तुमची आर्या आठवते? इंडियातून आल्यापासून कुणाशी एक शब्द बोलत नव्हती. डॉक्टर झाले, थेरपी झाली. बाई रोज तिच्या शेजारी जमिनीवर नुसत्या बसायच्या. एक दिवस ती मांजराबद्दल मराठीत बोलायला लागली आणि थांबेचना. तुम्ही सगळ्यांना पेढे वाटलेत.

आणि याच हॉलमध्ये बोर्डाची मीटिंगही तुम्हीच बोलावलीत. इतरांची मुलं स्पेलिंगमध्ये बक्षिसं आणतात, आपली नुसत्या गोष्टी सांगतात, असं तुमचं म्हणणं. बाईंना बोलावून समोर बसवलं आणि त्यांना शाळेतून काढण्यावर त्यांच्यादेखत मत घेतलं. मला मताचा अधिकार नव्हता. मी फक्त वर गेलेले हात बघत होते.

बाईंनी एकच विचारलं, "मुलांना कुणी विचारलं का?"

मागून कोणीतरी हसलं. त्या उठल्या, आपली खुर्ची नीट आत सरकवली आणि गेल्या.

त्या हिवाळ्यात त्यांना स्ट्रोक आला. वाचा गेली. एकच शब्द उरला, प्लीज. तहान लागली, प्लीज. दुखलं, प्लीज. त्यांना म्हाताऱ्यांच्या नर्सिंग होममध्ये ठेवलं. तिथल्या मुली म्हणायच्या, किती पोलाइट आहे ही, आणि टीव्ही लावून निघून जायच्या. नर्सिंग होम याच रस्त्यावर आहे, मंडळी. ग्रोसरीला जाताना आपण सगळे त्यावरूनच जातो. कोण आत गेलं? मी फोन केले होते. गणपती होऊ दे, असं उत्तर मिळालं. मग दिवाळी होऊ दे.

शेवटच्या दिवशी मी निघाले, तर त्यांनी माझी ओढणी धरली. प्लीज. पाणी दिलं, त्यांनी मान हलवली. उशी वर केली, पडदा सरकवला, पांघरूण काढलं. नाही. पुन्हा तेच, प्लीज. त्या चिडल्या नाहीत. डोळ्यांतून पाणी येत होतं, आवाज नव्हता. तेवढ्यात भेटीची वेळ संपल्याचं सांगायला नर्स आली. मला त्यांची बोटं एकेक करून सोडवावी लागली.

सकाळी फोन आला.

त्यांना काय हवं होतं, मला माहीत नाही. आता कुणालाच कळणार नाही.

काका, आज तुम्ही हार आणलात, चांगला मोठा आहे. घाला फोटोला. मग आपण सगळे शांत उभे राहू. त्या संध्याकाळी ज्यांनी हात वर केले होते, त्यांनी मान खाली घालू नये. बाईंच्या फोटोकडे बघावं.

उठा.