डी लागला की

बसथांब्यावर माझ्यामागे एक बाई नवऱ्याला विचारत होती.

“अहो, आजही उशीर?”

“कारखान्यात डीकार्बोक्सिलेशन चालू आहे.”

“काल नुसतं कार्बोक्सिलेशन म्हणालात.”

“ते वेगळं. त्यात कार्बोक्सिल गट जोडतात. पुढे डी लागला, की आम्लातून तो काढून टाकतात.”

“काढलेला जातो कुठे?”

“तापवलं की वायू होऊन उडून जातो.”

“म्हणजे कुणाला दिसायला नको.”

“तसंच काहीसं.”

“आठवडा झाला, तुमच्या शर्टाला कारखान्याचा वास येत नाही. तुम्हालाही डी लागला का?”

“काहीतरीच तुझं.”

“बरं. ही आली तुमची बस. चढा.”

बस थांबली आणि निघून गेली. तो माझ्यामागेच उभा होता.

“चला घरी. पोरांना मी सांगते, डीकार्बोक्सिलेशन संपलं म्हणून.”